कमलचं राहून गेलेलं माहेरपण

कमल गेल्याचा फोन आला तेव्हा मी लातुरात सकाळचा चहा गाळत होते. कमल माझी धाकटी बहीण. फोन तिच्या लेकीचा, सुनंदाचा. मुलगा म्हणाला, "आई, उद्या पहिल्या गाडीनं निघू." निघालो. धर्माबादला पोचलो तर कमलच्या दारात पत्रावळी गोळा करून राहिले होते. तेरवीच्या पंगती उठल्या होत्या. कुणी रागावलं नाही. लातूरचे पाहुणे तेरवीलाच येतात, हे तिकडं आता अंगवळणी पडलंय.

वेळ सगळीकडं सारखी चालत नाही, हे तुम्हाला मी काय सांगावं? आमच्या आडत गल्लीत ती सावकाश चालते, म्हणून तर तिथली घरं भल्याभल्यांना परवडत नाहीत. धर्माबादला मिरचीच्या खळ्यांवर मात्र ती पळते. आमचा एक दिवस मावळेस्तोवर त्यांचे कितीतरी मावळतात, आणि सुगीत तर धरबंदच नाही. आमचे व्यापारी आज ओली मिरची पाठवतात अन् लगेच ती वाळून, देठ खुडून, पोती शिवून माघारी येते. "काय झटपट काम करतात ही माणसं," असं आमच्याकडं कौतुकानं म्हणतात... झटपट कसलं? त्यांची आयुष्यं गेलेली असतात त्यात.

मला गल्लीतच दिली, कमलला तिकडं. साखरपुड्याला नवरदेव आला तर मिसरूडही फुटलेलं नाही, कमलपेक्षा लहान दिसायचा. आमची आजी लई तोंडाळ. म्हणाली, "पाव्हणं, पोरगं अजून दूध पितंय का?" व्याही हसून म्हणाले, "लग्न लागेस्तोवर दाढी करून आणतो की, म्हातारे." तिकडच्या सोयरिकी अशाच ठरतात. लग्नात तो खरंच बाप्या होऊन उभा राहिला, आणि कमल आपली साखरपुड्याला होती तेवढीच कोवळी. पुढं आईनं बाळंतविडा शिवला तो मुद्दाम मोठ्या मापाचा. तरी पोचेस्तोवर सुनंदा त्यात मावेना.

पंचमीला कमल यायची. झोका नाही, मेंदी नाही. दिंडं उभ्या उभ्याच खायची, अर्धा डोळा दाराकडं.

"एक रात्र तरी राह्य की गं," मी म्हणायची.

"राह्यते की. आन् पोरीचे दात येतील, पडतील, ते कोन पाहील? मागच्या खेपंला राहिले तर मला मावशी म्हणली ती."

"मग तिला घेऊन ये."

"आन् तिच्या बापाला काय करू, ताई? खळ्यावर काम जोडीला मिळतं. बाईल गेली की गड्यालाबी घरी बसवतात."

निघताना मात्र दरवर्षी एकच बोलायची, "ताई, येकदा मला माहेरात पोटभर झोपायचंय. उठवू नका कुणी." आई मान हलवायची आणि डबा बांधायला घ्यायची. दरवर्षी तीच शेवटची एसटी.

माझे केस काळे होते तेव्हा ती काठी टेकत आली. बांगड्यांच्या दुकानात बाईनं विचारलं, "आईला घेऊन आलात का?" कमलच म्हणाली, "हाव, लई गुणाची लेक हाय माझी," आणि तोंडाला पदर लावून हसत राहिली. त्यानंतर तिला एसटी चढवेना. माझी धाकटी बहीण आमच्या आजीएवढी म्हातारी होऊन गेली... झोप राहिलीच.

आमच्याकडच्या बाया तिकडं मुक्काम करत नाहीत. कितीही राहिलं तरी इकडं घरात काही अडत नाही, पण परत येताना आपण तेवढ्या म्हाताऱ्या होऊन येतो. तेरवीच्या दिवशी मुलगा माघारी गेला. मी नाही गेले. हे लिहून राहिले तेही कमलच्या बाजेवर बसूनच. मुलाचा फोन येतो, आवाज ओढल्यासारखा लांबट, "आई, परवाच तर गेलीस, येतेस कधी?" परवा? इथं माझ्यादेखत कमलचे मासिक श्राद्धाचे घास झाले, दाराशी नवी मिरची येऊन पडली.

सुनंदाला म्हटलं, "तुझ्या आईचं माहेरपण तू घे. सकाळी खळ्यावर जोडीत तुझ्या जागी मी बसते, तू झोप."

"मावशी, तुझं वय जाईल इथं."

"जाऊ दे. साठवून कुणाला देऊ?"

मुकादम आधी हसला. मग देठ खुडायला मिरचीचा ढीग पुढ्यात सारला. सुनंदाचा नवरा संकोचानं जरा सरकून बसला. दुपारी हाताची आग आग होत होती, तशीच घरी आले. सुनंदा याच बाजेवर झोपली होती, गाढ. पण उशाशी तिची बोटं चालली होती, अंगठा आणि शेजारचं बोट, खुडल्यासारखी, टाकल्यासारखी. कमलच्या हाताचीच चाल ती. मी शेजारी बसले आणि ती बोटं माझ्या मुठीत धरली. थोडी थांबली... मग मुठीतच परत चालायला लागली.