थेंबावरची घासाघीस

ब्यूरेटच्या, म्हणजे थेंब मोजून सोडायच्या काचनळीच्या, टोकाला थेंब लटकलेला असला की मुळे सर कोणाचाही नमस्कार घेत नसत. थेंब पडायचा, चंबू हलवून व्हायचा, मग मान वर करून ते ‘हां, बोला’ म्हणायचे. कॉलेजातून निवृत्त झाल्यावर दौलतगंजात एका दुकानावरच्या खोलीत ते पाणी तपासून देत. आमची पहिली भेट म्हणजे मी दारात हात जोडून ताटकळत उभा. मी ते विसरलेलो नाही.

सायकलवर पाण्याचे कॅन वाहून मी धंद्यात वर आलो. बिर्ला नगरात जागा घेतली, बोअर खोदली, होतं नव्हतं ते तिच्यात घातलं. पाण्यातलं मीठ मर्यादेत निघालं तर स्वतःचं पाणी विकायचा धंदा लगेच सुरू होणार होता. जास्त निघालं तर मीठ काढणारं आरओ यंत्र बसवणं भाग होतं, आणि तेवढी ऐपत आता उरली नव्हती.

सरांनी माझं पाणी चंबूत घेतलं, त्यात पिवळा रंग टाकला आणि ब्यूरेटमधून सिल्व्हर नायट्रेट थेंबथेंब सोडू लागले. विटकरी लाल रंग आला आणि टिकला की थांबायचं. थेंब जितके कमी, तितकं मीठ कमी. हे मला त्यांनीच समजावून सांगितलं, ही त्यांची चूक. लालसर ठिपका दिसताच मी म्हटलं, झालं, थांबा. त्यांनी चंबू हलवला, लाल विरून गेलं. पुन्हा ठिपका, पुन्हा मी. भलेभले व्यापारी मी असेच दमवले आहेत. सर दमले नाहीत.

“पवारजी,” ते म्हणाले, “भाव करायचा तर खाली बाजारात जा. इथे माझीच चालत नाही, तुमची काय चालणार?”

मी आवाज चढवला. तो खालच्या दुकानापर्यंत गेला असणार, कारण गिऱ्हाइकं वर बघू लागली. सरांनी रंग नीट दिसावा म्हणून चंबूखाली पांढरा कागद सरकवला आणि चहा मागवला. चहा दिला, पण एका थेंबाचीही सूट दिली नाही. मीठ जास्तच निघालं.

पुढे मी दर ऋतूत नवी बाटली भरून नेत राहिलो. “आज कोणता मुहूर्त पाहून भरलंत?” एवढंच ते विचारायचे, आणि उत्तर तेच द्यायचे.

गेल्या हिवाळ्यात सर गेले. मी बाटली घेऊन दुसऱ्या, चकचकीत प्रयोगशाळेत गेलो. तिथल्या मॅनेजरने बाटलीचं सीलसुद्धा तोडलं नाही. कागद पुढे ओढून म्हणाला, “भाईसाहब, कितना लिखना है?”

इतकी वर्षं मला हेच हवं होतं. पण विचारायच्या आधीच जो भाव सोडतो, त्याचा माल मी जन्मात घेतलेला नाही. त्याला चार शब्द सुनावले, बाटली उचलली आणि जिना उतरलो.

बोअरला अजून कुलूप आहे. त्याचा राग मी मुळे सरांवरच धरून आहे.