मोटारीत एकच जागा होती

कळंबच्या स्टँडवरून निघालो तेव्हा ऊन असं होतं, की कंडक्टरची शिट्टी वितळून त्याच्या शर्टावर सांडली. मागं राहिलेले म्हणतील, झाली याची सुरुवात. असो. थापा मारूनच जगलो. त्यातली एक मात्र जड होती, अजून खांदे दुखतात.

विदर्भ मुंबई राज्यात गेला आणि माझी बदली पुण्याला झाली. बायको कळंबच्या शाळेत मास्तरीण. आमचं पटणं असं, की भांडण सुरू झालं की घरातल्या पालीसुद्धा शेजारी राहायला जायच्या. "तुम्हाले जाचं तं जा," ती म्हणाली, "मी माहा वर्ग सोडत नाही." ठरलं, की सुमी माझ्याबरोबर, पुण्यात शिक्षण बरं. पोर नऊ वर्षांची. मी तिला पुणं रंगवून सांगत होतो. तिथला पेरू म्हणे दोघांना खांद्यावर न्यावा लागतो.

वर्ध्याची मोटार लागली. बायकोनं रीतीप्रमाणे दही-साखर आणली, जाणाऱ्याच्या तळहातावर द्यायला. मी खाल्लं. सुमीनं मूठ उघडलीच नाही.

"बाबा, मी आईपाशी राहू काय?" आणि लगेच, "तुम्ही एकटे रडसान तं येईन मी."

त्या दुसऱ्या वाक्यानं मी गार. नुसतं 'राहा' म्हणालो, तर पोर जन्मभर समजणार, बापाला आपण सोडलं. मोटारीत एक शेळी, बाकी सगळं रिकामं.

"तुले नेऊ कुठं, पोरी? जागाच एक हाये. बाकीच्या साऱ्या देवळीच्या लग्नवाल्यांनी धरून ठेवल्या."

सुमीनं खिडकीतून आत पाहिलं. शेळीनं तिच्याकडं पाहिलं.

"हो ना," ती हळूच म्हणाली, "लय गर्दी हाये."

बायकोनं तिच्या वाटचं दही माझ्याच हातावर ठेवलं.

पुण्यात मग 'मले'चं 'मला' झालं, वरणात गूळ पडला. खानावळीचं खाऊन जीभ पेन्शनीत गेली. आता थापाही दमतात, ओठापर्यंत येऊन बसून राहतात.

परवा सुमीच्या लग्नाला कळंबला गेलो. तिच्या सासूनं विचारलंच, "बापासंगं काहून नाही गेली तू?"

"कशी जाऊ, आत्याबाई? टपावर माणसं, बोनटवर नवरदेव, अन् बाबांच्या मांडीवर शेळी!"

मी खाली पाहिलं. पंगतीत वाढता वाढता तिची आई म्हणाली, "दोन शेळ्या होत्या."

पुण्यात कोणी घर विचारलं, की मी अजून कळंब सांगतो. तिथं माझ्या टोपीला खुंटीसुद्धा उरली नाही. पण ती मोटार अजून भरलेली आहे.