आठ बाजूंची विमलाबाई

तेजलने पुण्यातली चांगली नोकरी सोडली, तेव्हा नाशिक रोडच्या त्यांच्या कॉलनीत बरेच दिवस तोच विषय होता. एवढी शिकलेली पोरगी घरी परत येते काय आणि मागच्या खोलीत बसून मोबाईलचा गेम बनवते काय! तिच्या आईला, विमलाबाईंनाही ते फारसं पटलं नव्हतं. पण चहा मात्र त्या न चुकता आत नेऊन द्यायच्या आणि कप ठेवता ठेवता स्क्रीनवर डोकावायच्या.

गेम एसटी चालवण्याचा होता. तेजलचे वडील नवनाथ सप्तशृंगी गडाच्या गाडीवर ड्रायव्हर होते, नुकतेच निवृत्त झालेले. दिंडोरीकडचे द्राक्षांचे मळे, नांदुरीचा घाट, फाट्यावर हात दाखवणारी माणसं, सगळं तिने त्यात घातलं होतं. मात्र गेम साध्या, स्वस्त फोनवरही चालला पाहिजे हा तिचा हट्ट. त्यामुळे रस्ता, डोंगर आणि गाडी तेवढी भरीव. झाडं आणि माणसं म्हणजे नुसती सपाट चित्रं. बघणारा जिकडे सरकेल तिकडे ती चित्रं आपोआप वळायची. कागदासारखी पातळ कड कधी दिसायचीच नाही, म्हणून ती भरीव वाटायची.

नवनाथांनी पहिल्यांदा गेम हातात घेतला आणि घाट चढून खाली पाहिलं.

"अगं तेजू, ही झाडं उताणी का पडलीत?"

तेजलला हसू आवरेना. वरून बघणाऱ्याकडे तोंड करायच्या नादात झाडं पार मागे रेलली होती. झाडाने फक्त आपल्या बुंध्याभोवती फिरायचं, मान वर करायची नाही, असं तिने ठरवून दिलं. झाडं सरळ झाली.

"आता माणसांचं बघ," नवनाथ म्हणाले. "गाडी पुढे गेली तरी अख्खा फाटा माझ्याकडे टक लावून बघतोय. मी काय कुणाला उडवलंय का?"

त्या फाट्यावर पेरूची पाटी घेऊन विमलाबाईही उभ्या होत्या. तेजलने नात्यातल्या एका लग्नातल्या फोटोतून त्यांना कापून तिथे उभं केलं होतं.

"मला मागून दाखव की," त्या म्हणाल्या. "अंबाडा चांगला आलाय का बघू."

"आई, मागून पण तुझं तोंडच दिसतं. फोटो एकच आहे ना."

"म्हणजे मला पाठच नाय?"

हे मात्र तेजलच्या मनाला लागलं. मग तिने आईला सांगितलं, की चारी बाजूंनी आणि कोपऱ्यांतून असे आठ फोटो काढायचे. चित्र सपाटच राहील, पण बघणारा ज्या बाजूला असेल त्या बाजूचा फोटो त्याला दिसेल.

रविवारी सकाळी तिघं गच्चीवर गेले. विमलाबाई जांभळी पैठणी नेसून आल्या.

"पेरू विकायला पैठणी?" तेजलने विचारलं.

"फोटो काय रोज निघतात का? काढ तू."

मागे पांढरी चादर हवी होती. ती दोन्ही हातांनी उंच धरून नवनाथ तिच्याआड उभे राहिले. एकेक फोटो निघत गेला, विमलाबाई थोड्या थोड्या वळत गेल्या, आणि पाचव्या फोटोला त्यांची पाठ कॅमेऱ्याकडे आणि तोंड चादरीकडे झालं. हलायचं नाही म्हणून त्या ताठ उभ्या होत्या. तशाच बोलायला लागल्या.

"तेजू, तुझ्या पप्पांच्या गाडीत मी कधी बसले नाय. गडावर गेले ती तुझ्या मावशीबरोबर, जीपने. फार वाटायचं, एकदा ड्रायव्हरच्या मागच्या सीटवर बसावं."

चादर हळूहळू खाली आली. वर नवनाथांचं डोकं दिसलं.

"मला कधी बोलली नाहीस."

"बोलले होते. कंडक्टर हसतील म्हणालात."

तेजलने कॅमेरा खाली घेतला. नवनाथांनी चादर पुन्हा नीट ताणून धरली आणि आडूनच म्हणाले, "मंगळवारी जाऊ. आता गाडी माझी नाही, पण सीट तीच घेऊ."

मंगळवारी तिघंही निघाले. नवनाथांनी आधीच चढून ड्रायव्हरच्या मागची सीट धरून ठेवली आणि खिडकी विमलाबाईंना दिली. घाटात प्रत्येक वळणावर नवनाथांचा उजवा पाय नसलेल्या ब्रेकवर दाबला जात होता. ओळखीचा कंडक्टर जवळ आला तेव्हा ते स्वतःहून म्हणाले, "ही आमची मंडळी. गाडी दाखवायला आणलंय." विमलाबाईंनी पदर सावरला आणि खिडकीबाहेर बघत राहिल्या. कान मात्र लाल झाले होते. मागच्या सीटवरची तेजल झाडांचे फोटो काढायला आली होती. एकही काढायचं तिला सुचलं नाही.

परत आल्यावर तिने गेममध्ये एक भर घातली. फाट्यावर गाडी थांबवली, की पैठणीतली बाई पाटी उचलून आत येते आणि ड्रायव्हरच्या मागे बसते. गेमचा फार गाजावाजा झाला नाही, पण खेळणारे टिकून राहिले. सटाण्याच्या एकाने लिहिलं, की पेरूवाल्या मावशीला घेतल्याशिवाय तो घाट चढतच नाही.

विमलाबाई आता स्वतः खेळतात. दुपारी जेवणं झाली की फोन घेऊन बसतात, भरधाव सुटतात आणि गाडी हमखास दरीत घालतात. शेजारी बसलेले नवनाथ ओरडत असतात, "अगं ब्रेक! ब्रेक दाब!"

"गप्प बसा हो," त्या म्हणतात, "ड्रायव्हरशी बोलू नये."