हकीमसाबांची पाटी

ताहेरा तव्यावरची पोळी उलटत होती तेवढ्यात कडी वाजली. तिनं आधी भिंतीवरचं घड्याळ पाहिलं. सात वाजून बारा मिनिटं. पाटीवर वेळ लिहिली आणि मग दार उघडलं.

हसनाबादच्या हकीम फकरोद्दीन यांच्या घरातली ही रीत त्यांच्या वडिलांपासूनची. कडी वाजली तीच सवालाची घडी. त्या घडीची कुंडली मांडायची, मगच नाडी बघायची. पंचेचाळीस वर्षं गावानं त्यांच्याकडून काढाही नेला आणि मुहूर्तही. काचबिंदूनं त्यांची नजर गेल्यापासून कुंडली सून ताहेरा मांडायची.

दारात चौकटीला धरून सुरेखा उभी होती. आठवा महिना, चेहरा सुजलेला. मागं नवरा कल्याण आणि सासू चांगुणाबाई.

"हकीमसाब, जालन्याचा डॉक्टर आजच पोट फाडा म्हणून राह्यला," चांगुणाबाई टेकता टेकता म्हणाली. "आज तर अमावस्या. म्या तिला रातीच घरी आणलं. उद्याची चांगली वेळ काढून द्या."

"बीपी लई वाढलंय म्हणले," कल्याण हळूच म्हणाला.

"तू गप रे."

ताहेरानं पाटीवर कुंडलीच्या चौकटी आखल्या. चंद्र बाराव्या घरात, सूर्याखाली झाकलेला. हकीमसाबांच्या हिशेबानं याचा अर्थ एकच, उद्या दुपारपर्यंत हलू नये. तिची सासू गजाला हिला अशाच अवघडलेल्या दिवसांत दुखायला लागलं, तेव्हा हकीमसाबांनी कुंडली पाहून जुमेरातपर्यंत, म्हणजे गुरुवारपर्यंत थांब म्हटलं होतं. ती बुधवारीच गेली. घरात त्याबद्दल कुणी बोलत नसे.

हकीमसाबांनी सुरेखाचं मनगट धरलं. बराच वेळ सोडलं नाही.

"बेटी, डोकं दुखतं?"

"रातभर. डोळ्यापुढं ठिणग्या दिसून राह्यल्या."

"ताहेरा, हिच्या नडगीवर अंगठा दाब. खड्डा भरतो?"

"न्हाई भरत, अब्बा."

"वेळ काय निघाली?" चांगुणाबाईनं पाटीकडं बोट केलं.

"अब्बा, चंद्र..." ताहेरा बोलायला लागली.

"चंद्र मला माहीत आहे." त्यांनी चाचपत पाटी घेतली आणि मांडीवर उपडी ठेवली. "नऊच्या आत दवाखान्यात पोचायचं. नऊनंतरची वेळ मी देत न्हाई."

"पण अमावस्या..."

"चांगुणाबाई, तुम्ही मला विचारायला आलात का सांगायला?"

कल्याणनं आईच्या उत्तराची वाटच पाहिली नाही. गाडी चालू करून आला आणि सुरेखाला दंडाला धरून नेलं.

हकीमसाब नाश्त्याला बसले नाहीत. नऊ वाजले का, हे त्यांनी चारदा विचारलं. पुढं विचारायचंही सोडलं. ताहेरानं ठेवलेला चहा दोनदा निवला.

साडेबाराला फोन वाजला. पलीकडं कल्याण रडत होता, आणि ताहेराला क्षणभर काही कळेना. मग तो म्हणाला, "मुलगी झाली, भाभी. दोन्ही बऱ्या आहेत. सुरेखाला फिटचा झटका आल्ता, पण टेबलावर घेतल्यावर. आम्ही घरी असतो तर..."

तिनं ते सासऱ्यांना सांगितलं.

"अब्बा, कुंडली उद्याचं सांगत होती. म्या चुकले का मांडताना?"

"न्हाई. बिलकुल बराबर मांडली असशील." त्यांनी मांडीवरची पाटी तिच्याकडं सरकवली. "कडी वाजल्यावर दार उघडायला तुला किती वेळ लागला?"

"घड्याळ पाहिलं, लिहिलं. अर्धं मिनिट."

"तेवढा वेळ ती पोरगी उभी होती. एक काम कर, ताहेरा. उद्यापासून कडी वाजली की आधी दार उघड आणि आलेल्याला खुर्ची दे."