गल्लीची काळजी

"रात्री झोप लागली का?" हा बाईंचा नमस्कार. 'कसे आहात'ला माणूस 'बरं आहे' म्हणून मोकळा होतो, झोपेबद्दल मात्र पटकन खोटं बोलत नाही, असं त्यांचं म्हणणं. तुम्हीही कुणाला विचारून बघा.

बाई रोह्याच्या कॉलेजात समाजशास्त्र शिकवायच्या. हल्लीच्या माणसांच्या मनावर एवढा ताण का, याचा अभ्यास करायला त्या आमच्या हमरापुरात आल्या. आमचा गणपतीचा कारखाना. ऐन सीझनला ही बाई खुर्ची टाकून बसली, तेव्हा मी कपाळावर हात मारला. गणपती करणाऱ्याला कसलं आलंय टेन्शन? विघ्नहर्ता घरातच बसलेला!

पण खरं सांगतो, त्या वर्षी आमची पाचावर धारण बसली होती. मूर्तीचे डोळे आखायचं काम माझ्या थोरल्या वहिनीचं. गल्लीतले बाकीचे कारखानेही डोळ्यांसाठी तिलाच बोलवायचे, आणि नेमका तिचाच हात कापायला लागला. डॉक्टर झाले, मीठमिरच्यांनी दृष्ट काढून झाली.

"आता ब्रश ठेवते," ती म्हणाली. "देवाचा डोळा बिघडवायचं पाप नको मना."

बाई नुसत्या तिच्याशेजारी बसून राहिल्या. काही दिवसांनी म्हणाल्या, "फोन वाजल्यावर हात कापत नाही हो हिचा. आता वाजेल म्हणून आधीच कापतो."

"व्हय," वहिनी म्हणाली. "आडवी पडली तरी कानात वाजतंय. झाला का गणपती, फोटो पाठवा..."

मी तडक फोन बंद करायला निघालो. बाईंनी अडवलं.

"तुम्ही एकट्यांनी बंद केलात तर गिऱ्हाईक शेजारी जाईल. मग त्याची काळजी. काळजी एकट्याची नसते, गल्लीची असते."

हे त्यांचं ठरलेलं वाक्य. मग पदर खोचून त्या कारखान्या-कारखान्यात फिरल्या. आमच्याकडे कुणी कुणाला रंगाची छटासुद्धा सांगत नाही. अशा कारखानदारांचं एकमत करणं म्हणजे बेडकांची पंचेरी, पण बाईंनी ती तोलून दाखवली. दिवसभर सगळ्यांचे फोन रंगाच्या एका रिकाम्या बादलीत, आणि उत्तरं द्यायला स्वतः बाई.

"डोळे आखतायत. घाई केलीत तर बाप्पा तिरळा होईल. चालेल?"

कुणाला चालणार!

शेवटी एका मोठ्या मंडळाच्या मूर्तीचे डोळे उरले. वहिनी शिडीवर चढली, आणि तेवढ्यात बादलीत फोन गुरगुरायला लागले. बाईंनी बादलीवर झाकण ठेवलं आणि चक्क वर बसल्या. वहिनीनं एक रेघ ओढली, मग दुसरी. हात जरासुद्धा हलला नाही. अख्खी गल्ली "मोरया!" म्हणून ओरडली, एरवी आमचं तोंड न बघणारा शेजारचा कारखानदारही. मला रडू आलं, आणि त्याची लाज वाटली नाही.

बाईंचा अभ्यास पुरा झाला. त्यात आमची बादली आहे म्हणतात. निवृत्त होऊन त्या नाशिकला लेकीकडे गेल्या. बादलीशी आता आम्हीच पाळीपाळीनं बसतो.

यंदा माझ्या पाळीला फोन वाजला. बाईच होत्या.

"अहो, झाला का माझा गणपती? निदान फोटो तरी पाठवा!"

मी चाट पडलो. फोन सरळ वहिनीच्या कानाला लावला. तिनं मूर्तीवरची नजर काढली नाही.

"घाई केलीस तर बाप्पा तिरळा व्हईल गो बाई. चालंल?"

पलीकडे बाई इतक्या मोठ्यानं हसल्या की मलाही ऐकू आलं. वहिनीही हसत होती. ब्रश डोळ्यावर होता, आणि रेघ सरळ चालली होती.