काळी चार

सुरवाडीत कुणी दार ठोठावत नाही. उंबऱ्याशी उभं राहून आपला सूर गुणगुणायचा, की आतून "ये" म्हणतात. बारा घरं, बारा सूर. पेटीच्या काळ्या-पांढऱ्या बारा पट्ट्या. गावची विहीर काळी एकमध्ये घुमते आणि बाकीचं सगळं गाव त्या घुमण्यावर उभं असतं. शेजारशेजारच्या पट्ट्यांचं एकमेकींशी पटत नाही, म्हणून त्या दोन घरांत सामाईक भिंत घालत नाहीत. विहिरीशी सगळ्यांत गोड जुळतं ते काळी चारचं घर. तिचा पंचम.

हे गाव रचलं अलॉयशियसने. गिरणीतला फिटर, चर्चच्या कॉयरमध्ये गाणारा. संपानंतरच्या रिकाम्या दिवसांत घोडपदेवच्या चाळीत, धोंडू साटमाच्या खोलीत बसून त्याने हे नाटक लिहिलं. काळी चारचं घर त्याने स्वतःकडे ठेवलं आणि विहीर धोंडूला दिली, कारण पेटी धोंडूची. पंचवीस प्रयोग झाले. सव्विसाव्याच्या आठ दिवस आधी अलॉयशियस झोपेतच गेला.

सुरवाडीचा नेम आहे. माणूस गेलं की त्याचा सूर वर्षभर बंद. गाव तो ओलांडून गातं. वर्ष सरलं की गावात जे नवं माणूस येईल, सूर त्याचा.

दफनाहून परतल्यावर धोंडूने पेटी उघडली आणि तिन्ही सप्तकांतल्या काळी चारच्या आतल्या पितळी सुरांवर कागद चिकटवला. वर्ष सरलं. कागद राहिला. भजनाला बसलं की कुठल्याही पट्टीत एक जागा मुकी जायची. बुवा वैतागायचे, "धोंडूदादा, सूर खंय गेलो?"

"रजेवर," धोंडू म्हणायचा. ती रजा एकोणीस वर्षं चालली.

यंदा चाळीच्या मंडळाने 'सुरवाडी' पुन्हा एकदा करायचं ठरवलं. चौऱ्याहत्तरीचा धोंडू पेटीला बसायला तयार झाला, पण एका अटीवर: काळी चारचं घर रिकामं राहील. त्याच्या सुनेला, सीमाला, या अटीमागचं काही ठाऊक नव्हतं. तिला एवढंच दिसलं की सासऱ्यांची पेटी एका पट्टीला मुकी आहे. तिने ती पेटी गुपचूप गिरगावातल्या कारागिराकडे नेऊन आणली.

"बाबा, बघा तरी! कुणीतरी आत कागद चिकटवला होता म्हणे. काढला त्याने."

धोंडूने पट्टी दाबली. खोलीभर पंचम भरला. त्याचा चेहरा राखेसारखा झाला.

"कोणी सांगलेला तुका?" तो ओरडला. उभ्या चाळीने त्याला असं ओरडताना कधी ऐकलं नव्हतं. "मी वाजवूचंय नाय आता. सांग जा तुझ्या मंडळाक."

सीमा मंडळाकडे गेली नाही. काळी चारचं घर नाटकात कुणाचं होतं ते तिने चाळीत विचारलं आणि ती माथारपाखाडीला डोरोथीकडे गेली, अलॉयशियसच्या बायकोकडे, आणि तिच्यासमोर रडली.

दुसऱ्या दिवशी संध्याकाळी मंडळींनी भरलेल्या तालमीच्या खोलीत धोंडू पेटीला टेकून बसला होता. वाजवत नव्हता, उठूनही जात नव्हता. डोरोथी काठी टेकत आत आली. मागून सीमा.

"काय रं धोंडू, सुनेवर ओरडतोस?"

"तिने त्याचा सूर उघडला, बाय."

"नेम किती दिवसांचा होता?"

धोंडूने पेटीचा भाता लावून घेतला.

"वर्षाचा," डोरोथी म्हणाली. "माझा नवरा, मी वर्षाने काळे कपडे उतरवले. तू कोण मोठा लागून गेलास? आणि वर्ष सरल्यावर तुझ्या घरात नवं माणूस कोण आलं?"

धोंडूने हळूहळू मान वर केली. अलॉयशियसला वर्ष झालं आणि पुढच्याच मे महिन्यात त्याच्या मुलाचं, सुशांतचं, लग्न झालं होतं. माप ओलांडून आली होती ती सीमा.

"अठरा वर्षं पोर तुझं घर चालवते," डोरोथी म्हणाली, "आणि सुरवाडीत तिला उंबरा नाही."

"मला गाता येत नाही हो," सीमा घाईघाईने म्हणाली.

"गायचंय कुणाला? दाराशी उभी राहा."

धोंडूने भाता मोकळा केला. त्याचं बोट काळी चारवर गेलं, थबकलं, मग दाबलं. सीमाने पदर घट्ट धरून सूर लावला.

"अगो, शेजारच्या घरात शिरलीस!" डोरोथी म्हणाली, आणि सगळी खोली हसली. सीमाही हसली. धोंडू मात्र नाही. त्याने डाव्या हाताने भाता ओढत ठेवला आणि उजव्या अंगठ्याने खालची काळी एक धरली. एकोणीस वर्षांनी विहिरीला पंचम मिळाला होता.

सीमा चाचपडत राहिली. वर गेली, खाली घसरली, दम घेऊन पुन्हा आली. त्याने एकही पट्टी सोडली नाही. शेवटी तिचा आवाज येऊन असा टेकला, की पेटी कुठली आणि ती कुठली, कळेना.

धोंडूने डोळे मिटले.

"ये गो," तो म्हणाला.