बशीतला चार मिनिटांचा चहा

उभ्या यवतमाळ जिल्ह्यात माझ्या साडूभाऊंइतका संथ माणूस दुसरा सापडायचा नाही. दिग्रसच्या स्टँडवर एसटी उशिरा आली की लोक वैतागतात. साडूभाऊ त्यांचं वैतागणं कॅमेऱ्यात टिपत बसतात आणि त्या नादात आलेली एसटी निघून जाते. ते माहितीपट काढतात, तेही कुणाच्या सांगण्यावरून नाही, स्वतःच्या मर्जीनं. आमच्या सासूबाईंना हे शेवटपर्यंत उमगलं नाही. जावई काय करतात असं कोणी विचारलं, की त्या ‘शूटिंग’ एवढंच सांगत. त्यामुळे एका नातेवाइकानं साडूभाऊंना थेट लग्नाच्या शूटिंगलाच बोलावलं. साडूभाऊंनी तीन तास मन लावून आचाऱ्याचे हात टिपले. नवरीचं कोपर तेवढं आलं, तेही वांग्याच्या भाजीमागे. नवरीचे मामा अजून आमच्याशी बोलत नाहीत.

खेड्यात कॅमेरा दिसला की माणसं घरात पळतात आणि पावडर लावून, इस्त्रीचा शर्ट घालून बाहेर येतात. साडूभाऊ त्यांना काही म्हणत नाहीत. कॅमेरा उभा करून आठ-आठ दिवस नुसते बसून राहतात. “मानूस कंटायला, का मंग खरा दिसते,” हे त्यांचं शास्त्र.

या शास्त्रानं त्यांनी कळंबजवळच्या एका गावातल्या बौद्ध गायन पार्टीवर अकरा वर्षं फिल्म काढली. त्यात पार्टीचे म्हातारे ढोलकीवाले बाबा चार मिनिटं नुसता बशीतून चहा पितात. मध्येच आत बघून ओरडतात, “साखर टाकाले भुलली का वं?” बस्स, एवढंच.

मोठ्या शहरातल्या एका महोत्सवानं कळवलं, की फिल्म घेतो, फक्त तो चहा कापा. अकरा वर्षांत पहिल्यांदाच कुणी तरी फिल्म घेतो म्हणालं होतं. मेहुणीनं पेढे आणले. मीही म्हणालो, “कापा हो, चहाच तर आहे!”

पण गावाला आधी दाखवायचं कबूल केलेलं. दिवेलागणीला विहाराच्या भिंतीवर फिल्म लागली. बाबा वर्षापूर्वीच गेले होते. भिंतीवर ते साखरेसाठी ओरडले आणि पुढे बसलेली त्यांची म्हातारी फाडकन म्हणाली, “टाकली व्हती म्या! खाली बसली असन. तूच ढवयत नाही!” सगळं गाव हसलं. मग ती हळूच साडूभाऊंना म्हणाली, “अजून एक डाव दाखवा ना, भाऊ.”

साडूभाऊंनी चहा कापला नाही. “त्याहीच्या भांडनात मी कैची घालू कायले?” म्हणाले. महोत्सव हुकला. मेहुणी दोन दिवस बोलली नाही, आणि मलाही, खरं सांगतो, फार वाईट वाटलं.

आता कळंबला गणपतीच्या दर्शनाला गेलो, की साडूभाऊ लॅपटॉप घेऊन त्या घरी वळतात. म्हातारी पदर सावरून बसते, चार मिनिटं नवऱ्याशी भांडते आणि मग आमच्यासाठी चहा टाकते. परवाही असंच गेलो होतो. पहिला घोट अगदी अगोड लागला. साखर मागायला तोंड उघडलं, साडूभाऊंनी माझ्याकडे नुसतं पाहिलं, आणि मी गुपचूप चमचा उचलून चहा ढवळला. साखर खालीच होती.